अर्धं दुकान

"अर्धं दुकान तुझं, अर्धं धाकटीचं. सही कर आणि मोकळी हो," मावशी म्हणाली.

थोरलीनं चामड्यावरची रापी थांबवली नाही. सावत्र आईला ती पहिल्यापासून मावशीच म्हणायची. आई म्हणायला जीभ वळली नाही, आणि मावशीनंही कधी वळवायला लावली नाही.

पण बाप जाऊन महिना उलटत नाही तोच ही आपणहून अर्धं सोडायला निघाली? एरवी दोऱ्याचं टोकसुद्धा फेकू न देणारी बाई?

"एवढी उदार कशी झालीस गं?"

"तुझ्या बाबांनी शब्द घेतलाय माझ्याकडून. तंटा नको म्हणाले."

"तंटा नको, की चौकशी नको?"

मावशी काउंटर पुसायला लागली. काउंटर आधीच लख्ख होता. थोरलीच्या मनात पाल चुकचुकली.

बूट शिवणारं घर ते. पोर चालायला लागलं की बाप त्याच्या पावलाचा लाकडी साचा करून भिंतीवर टांगायचा. पाय वाढेल तसा नवा. धाकटीचा पहिला साचा मुठीत मावेल एवढा. थोरलीचा पहिलाच ऐसपैस. "पायसुद्धा बापावर गेलेत माझे," ती गिऱ्हाइकांना ठसक्यात सांगायची. हातही बापावरच गेले होते. शाळा सुटली तशी ती या बाकावर बसली, ती उठलीच नाही. धाकटी दवाखान्यात नर्स. आरी कुठून धरतात तेही तिला ठाऊक नाही. मग तिला अर्धं कशाबद्दल?

वकिलानं सगळं ऐकून चष्मा पुसला. "तुमची सख्खी आई घर सोडून गेली, पण जिवंत आहे म्हणता. सोडचिठ्ठी झाली होती?"

"कुठली सोडचिठ्ठी! एक दिवस बॅग भरली नि चालती झाली. पुढच्या वर्षी बाबांनी मावशीशी लग्न केलं. रीतसर, कचेरीत जाऊन."

"मग ते लग्न कायद्यानं उभंच राहत नाही. पहिली बायको असताना दुसरी चालेल कशी? मावशींना काही मिळायचं नाही, धाकटीला तेवढा लेकीचा वाटा. आईंनी फक्त येऊन जबाब द्यायला हवा. त्यांचा हिस्सा मात्र…"

"तो ती मला देईल. तेवढं तरी देणं लागते ती माझं."

थोरलीला आभाळ ठेंगणं झालं.

आई दुसऱ्या गावात एका लॉजच्या चादरी धुवायची. लेक दारात दिसली तशी तिनं आधी मागे पाहिलं, बरोबर कोण आहे ते.

"बाबा गेले," थोरली म्हणाली. "वकिलाकडे येऊन एवढंच सांग, तू त्यांची बायको आणि सोडचिठ्ठी झाली नव्हती."

आई ओली चादर पिळत राहिली. पाणी संपलं तरी पिळत राहिली.

"ती काय देतेय तुला?"

"अर्धं."

"घे मग. बाई चांगली आहे ती."

"तू कधी भेटलीस तिला?"

आईनं चादर दोरीवर टाकली आणि तिच्या आड गेली.

"म्हणजे दोघींचं साटंलोटं आहे तर!" थोरली कडाडली. "एकीनं टाकलं, दुसरी लुबाडतेय. माझ्याच बापाच्या दुकानात मला अर्ध्यावर गप्प बसवता? आली नाहीस, तर मला आई नव्हतीच असं समजेन."

आई आली.

वकिलाच्या खोलीत मावशी आणि धाकटी भिंतीला टेकून बसल्या होत्या. आई आत आली, तशी मावशीनं तिच्याकडे बघून मान किंचित हलवली. नाही म्हणून.

"खाणाखुणा पुरे," थोरली म्हणाली.

"सगळं घे," मावशी एकदम उठली. "अख्खं दुकान घे पोरी. आत्ता सही देते. हिला काही विचारू नका."

"ताई, घे ना," धाकटीही म्हणाली. "मला नकोय गं काही."

थोरली हसली. पकडला जाणार असं दिसलं, की चोर माल आपणहून दारात आणून ठेवतो.

"भीक नको मला, मावशी. हक्कानं हवंय. तू त्यांची बायको नव्हतीस, हे कागदावर आल्याशिवाय मी इथून हलायची नाही. विचारा हो वकीलसाहेब."

वकिलानं आईला शपथ दिली. "बाई, त्यांच्याशी तुमचं लग्न कधी झालं?"

आईनं लेकीकडे पाहिलं नाही.

"झालंच नाही, साहेब. बूट शिवायला टाकायचे म्हणून मी पहिल्यांदा त्यांच्या दुकानाची पायरी चढले, तेव्हा ही माझं बोट धरून चालत होती."