नोपचं वय

वर्गातल्या निम्म्या लोकांच्या घरी अजून कुणी जन्मालाच आलं नव्हतं. पिमच्या लॅपटॉपवर तिच्या आईचं वय उणे चारशे चौऱ्याऐंशी होतं, तिचं स्वतःचं उणे पाचशे तेरा आणि धाकट्या नोपचं उणे पाचशे सतरा.

पडद्यावर आचान कपाळाला हात लावून बसले होते. मास्तरांना तिकडे सगळे आचान म्हणतात.

"अरे बाबांनो, दर वर्षी हेच! जन्मसाल लिहिता बुद्धाच्या सनातलं आणि यंत्र पडलं गोऱ्यांचं. त्याला आपलं साल कोण सांगणार? आपलं साल त्याच्या पाचशे त्रेचाळीस पुढे, तेवढे वजा करा आधी."

"म्हणजे आम्ही अजून जन्माला यायचे आहोत का आचान?" कुणीतरी विचारलं. "मग परीक्षाही तेव्हाच घ्या की!"

चौकटीचौकटीतली तोंडं हसली. पिमही हसली, कारण कॅमेरा चालू होता. आजची ही घरच्या माणसांची वयं काढायची स्प्रेडशीट बरोबर आली की कोर्स पास, आणि कोर्स पास झाला की भातगिरणीच्या ऑफिसातली जागा तिची. मॅनेजरने तसा शब्द दिला होता. तिने मुकाट्याने तिन्ही सालं दुरुस्त केली. आई एकोणसाठ, पिम तीस, नोप सव्वीस.

मागे चटईवर आई उखळीत कच्ची पपई कुटत होती. शेजारी चिकट भाताच्या तीन बांबूच्या टोपल्या होत्या, ज्याची त्याला. तिसरीच्या कडीला पांढऱ्या दोऱ्याचे उरलेले तुकडे गुंडाळलेले होते. तिच्यातला भात रोज संध्याकाळी बदकांना जायचा.

"नोप सव्वीसचा झाला?" आईने विचारलं.

"यंत्र म्हणतंय तसं."

"लग्नाचं वय झालं की." आई पुन्हा कुटायला लागली.

पिमला काही वाटलं नाही. रडू येईल असं तिला पूर्वी वाटायचं, मग तेही वाटेनासं झालं.

तेवढ्यात आचान तिच्या शीटवर आले.

"वा, पिम! वयं बरोबर आहेत. पण नोपच्या ओळीत शेवटचा रकाना रिकामा कसा? तुझ्या नि आईच्या ओळीत 'हयात' लिहिलंयस. त्याच्याही लिही. नाहीतर गेल्याचं साल टाक, म्हणजे वय तिथपर्यंतच मोजलं जाईल. दोन्हीतलं एक काहीतरी हवंच, त्याशिवाय पास करता येत नाही मला."

पिमची बोटं कळफलकावर होती, ती तशीच राहिली. काय लिहायचं? मासेमारीची बोट परत आली होती, तिच्यावर कामाला गेलेला नोप आला नव्हता. बोटीवरच्यांनी सांगितलं, सकाळी उठून बघतो तर जागा रिकामी. एवढंच सांगितलं. ना प्रेत, ना दहन, ना भिक्खूंना बोलावणं. कुणी विचारलं तर मायलेकी 'समुद्रावर आहे' म्हणायच्या, आणि ते खोटंही नव्हतं.

"पिम? ऐकू येतंय ना?"

"तसंच मोकळं ठेवलं तर काय होईल, आचान?" मागून आईनेच विचारलं.

"कोण बोलतंय?"

"पिमची आई."

आचाननी हात जोडले. "शीटचं काही बिघडत नाही, आई. तो आपला वाढत राहील. दर वर्षी एकेक. शंभर होतील, दोनशे होतील. यंत्राला कुठे थांबायचं ते कळत नाही हो. आपणच सांगावं लागतं."

उखळीतला आवाज थांबला. आईने पदरासारखा खांद्यावर टाकलेला पंचा काढला आणि हात पुसले, एकेक बोट वेगळं पुसावं तसे. तिसऱ्या टोपलीचं झाकण उघडून तिने आत पाहिलं आणि पुन्हा लावलं.

"पंचवीसशे चौसष्ट," आई म्हणाली. "घाल."

बोट परतली ते साल त्या घरात त्यानंतर कुणी मोठ्याने उच्चारलं नव्हतं. पिमने मागे वळून पाहिलं नाही. आईच्या तोंडून जसं आलं तसंच तिने टाकलं, एकेक आकडा करून. वयाच्या घरातला सव्वीस गेला आणि दुसरा आकडा आला.

आचान हसले. त्यांना तरी काय माहीत! "अगं, पुन्हा तीच चूक! पाचशे त्रेचाळीस राहिले की वजा करायचे. कर पटकन, मी पास लिहून टाकतो. पुढची मंडळी खोळंबलीत."

"हो, आचान."

वजा केले की बावीस येणार, हे कळायला पिमला यंत्राची गरज नव्हती. पासही होणार, जागाही मिळणार. एवढंसं काम. तिने हात उचलून मांडीवर ठेवला.

आई उठून तिच्या खुर्चीमागे येऊन उभी राहिली. तिच्या हातांना पपईचा आणि लिंबाचा वास होता.

"किती म्हणतंय?"

"पाचशे पासष्ट."

आईने पडद्यावरच्या आकड्यावर बोट ठेवलं आणि थोडा वेळ तसंच राहू दिलं.

"बोटीवर निघताना मनगटाला दोरा बांधला ना त्याच्या," ती म्हणाली, "तेव्हा मी त्याला शंभरच वर्षं मागितली होती."