हाताचे टक्के

"बाई, उत्तरं त्यांना देऊ द्या," डॉक्टर म्हणाले.

मिस्त्रींच्या बायकोने मान खाली घातली, पण नवऱ्याच्या कोपरावरचा हात काही काढला नाही. दारातून आत आल्यापासून तो तिथेच होता. खुर्चीतही तिनेच त्यांना बसवलं होतं. डॉक्टरांनी काही विचारलं की तिची बोटं कोपरावर हळूच दाबली जात.

खुणा चालल्यात, डॉक्टरांच्या मनात आलं. घरून पढवून आणलंय.

जखमी कामगाराचं शरीर किती टक्के निकामी झालं आणि त्यापायी त्याची कमाई किती बुडाली, हे ठरवणं त्यांचं काम. लंगडत आलेले लोक फाटकाबाहेर पडताच टणाटण चालू लागलेले त्यांनी पाहिले होते. दुधाने तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो, तसे ते आता खऱ्या जखमेकडेही संशयाने बघत. कामगार त्यांना माघारी 'तराजू' म्हणायचे.

मिस्त्रींचा उजवा हात प्रेस मशीनखाली सापडला होता. दोन बोटं गेली होती आणि उरलेली वळत नव्हती. निदान ते तसं सांगत होते.

"आधीचं काही दुखणं? खरं सांगा. तो भट्टीवरचा कामगार आठवतो ना? बहिरा होता, ते लपवलं. भोंगा ऐकू आला नाही म्हणून भाजला. दावा फेटाळला, दमडी मिळाली नाही."

"माहीत आहे, साहेब. मला काही नव्हतं."

"मग तुमच्यासारखा जाणता माणूस मशीनमध्ये हात घालतोच कसा?"

"जुनं मशीन हाताला पाठ होतं. नवीन आलं, त्यात पत्रा सरकवायची जागा बदलली. हात सवयीने जुन्याच जागी गेला."

"आणि लक्ष कुठे होतं?"

बायकोची बोटं पुन्हा दाबली गेली.

"बाई, तुम्ही बाहेर बसा."

"यांना एकट्याला..."

"खात नाही मी त्यांना!"

ती उठली. दाराशी थांबली, मागे वळून बघितलं आणि मग गेली.

डॉक्टरांनी बोटं वाकवून पाहिली, सुई टोचून पाहिली. मग ठेवणीतलं अस्त्र बाहेर काढलं. एक शब्द न बोलता त्यांनी खिशातला किल्ल्यांचा जुडगा मिस्त्रींकडे फेकला. ढोंग्याचा मेलेला हात अशा वेळी बरोबर जिवंत व्हायचा. भलेभले इथे पकडले गेले होते.

जुडगा मिस्त्रींच्या छातीवर आदळून खाली पडला. उजवा हात हलला नाही, आणि डावाही नाही. लागल्यावर मात्र ते केवढ्याने दचकले.

"काय झालं, साहेब?"

"काही नाही. किल्ल्या निसटल्या हातातून."

डॉक्टरांना स्वतःची लाज वाटली. दुःखाने इतका खचलेला माणूस, आणि आपण त्याला दगड मारल्यासारख्या किल्ल्या मारल्या! या माणसाचं भलं करायचं, त्यांनी तिथल्या तिथे ठरवून टाकलं. बायकोला आत बोलावलं.

"वहिनी, हात खरंच गेलाय. मी संशय घेतला, चुकलो. हाताचे पूर्ण टक्के देतो. शिवाय नोकरीही वाचवतो. फाटकावर बसायचं, आल्यागेल्यावर नजर ठेवायची. पगार तेवढाच."

तिचा चेहरा पांढरा पडला.

"दुसरं काही नाही का, साहेब? कमाई बुडाली म्हणून काही मिळालं, तर घरीच राहतील ते."

"अहो, हात सोडला तर धडधाकट आहेत. बसून करायचं काम नाकारलं, तर बुडालेल्या कमाईचा एक पैसा मिळणार नाही. घरी काय खाल?"

तिने काही सांगायला तोंड उघडलं.

"राहू दे गं," मिस्त्री घाईने म्हणाले. "साहेबांनी आपलं चांगलंच केलंय. जाईन मी फाटकावर."

तिने तोंड फिरवलं आणि ती रडू लागली. डॉक्टरांनाही भरून आलं. पुष्कळ दिवसांनी आपल्या हातून कुणाचं तरी बरं झालं होतं. आपले डोळे त्यांना दिसू नयेत म्हणून ते गुपचूप उठून खिडकीपाशी गेले. मागे खुर्ची सरकल्याचा आवाज झाला तसे ते वळले.

"तुमचे उपकार विसरणार नाही, साहेब," मिस्त्री उभे राहून, डावा हात छातीशी धरून, मान लववून डॉक्टरांच्या रिकाम्या खुर्चीला सांगत होते.