बोट दाखवणारी पोरगी

टॅबलेटच्या पडद्यावर धानाच्या बांधीत उभी असलेली आठेक वर्षांची पोरगी दिसली आणि मालनबाईंनी हातातली रोपांची जुडी खाली ठेवली.

"हे त मीच आहो," त्या म्हणाल्या.

रोवण्याला आलेल्या सगळ्या बाया भोवती जमल्या. करडी गावात असला तमाशा रोज थोडाच होतो! बांधीच्या धुऱ्यावर पंचाहत्तरीचे जपानी दिग्दर्शक कुसानो गुडघे धरून बसले होते आणि नागपूरहून आलेली दुभाषी कीर्ती त्यांचं बोलणं मराठीत सांगत होती.

तरुण असताना कुसानो सारस पक्ष्यांवर फिल्म काढायला इथे आले होते. महिनाभर तळ्याकाठी बसले, पण एकही सारस नाचताना सापडला नाही. हात हलवत परत जायची वेळ आली. शेवटच्या दिवशी उरलेल्या रिळावर त्यांनी समोरच्या पोरीला टिपलं. ती कॅमेऱ्याकडे बोट दाखवून ओरडत होती. कॅमेऱ्यात आवाज टिपला जात नव्हता आणि यांना मराठी येत नव्हती. पण त्याच दृश्यानं त्यांचं नाव झालं. ही पोर जगाला जाब विचारते आहे, असं जाणकारांनी लिहिलं. जाणकारांना काय, लिहायला जागा मिळाली की झालं. कुसानोंनी मग पक्षी सोडले आणि आयुष्यभर माणसांच्या चेहऱ्यांवरच सिनेमे लिहिले, काढले.

"आता शेवटचा सिनेमा लिहायला बसलेत," कीर्ती म्हणाली, "पण तुम्ही काय म्हणालात ते कळल्याशिवाय एक ओळ पुढे सरकत नाही. आठवतं का, मावशी?"

मालनबाईंना आठवत तर होतं. पण म्हातारा माणूस एवढ्या लांबून आलेला. खरं सांगितलं तर त्याची सगळी कमाईच मातीत जायची.

"कायतरी मोठं सांगून टाक ना वं," शेजारीण रत्नमाला कानाशी लागली.

कुसानो त्यांच्या तोंडाकडे टक लावून बसले होते. त्या नजरेपुढे मालनबाईंना खोटं सुचेना.

"मी त मांगं पाहा म्हणून ओरडून राहिली होती," त्या हळूच म्हणाल्या. "याहीचा डोळा कॅमेऱ्याले लागलेला. अन् पाठीमांगं सारसाची जोडी नाचून राहिली होती."

कीर्ती अडखळली. मग तिनं ते जपानीत सांगून टाकलं.

कुसानोंनी वळून मागे पाहिलं. तिथे नुसती बांधी होती. त्यांचे डोळे भरून आले आणि ते हसायला लागले. हसता हसताच कीर्तीला काहीतरी म्हणाले.

"काय म्हणतेत?" मालनबाईंनी भीत भीत विचारलं.

"म्हणतात, बरं झालं, तेव्हा सोबत दुभाषी नव्हता."