पडद्याशेजारचा आवाज

बोलपट नवे होते तेव्हाचा एक प्रेमाचा सिनेमा सोलापुरात चाळीस वर्षांनी पुन्हा लागला, आणि ऐन ताटातुटीच्या प्रसंगाला त्याचा आवाज गेला. नायक-नायिका नुसतीच तोंडं हलवू लागली. शिट्ट्या सुरू झाल्या. तेव्हा गंगम्माचे मालक रुद्रप्पा मागच्या बाकावरून उठले. मुक्या सिनेमाच्या काळात पडद्याशेजारी उभं राहून सगळ्यांचं बोलणं आपण बोलायचं, ही त्यांची नोकरी. बोलपट आले तशी ती गेली. चार लोकांत नवरा बाईचा आवाज काढायचा, या लाजेपायी गंगम्मा जन्मभर त्यांना घालूनपाडून बोलली होती.

गंगम्मा बसली होती त्या बायकांच्या रांगेला घासून ते पुढं निघाले.

"हे म्हातारं कुठं चाललं?" शेजारच्या वकिलीणबाईंनी हसत विचारलं. "तुमच्या ओळखीतले का?"

"न्हाय वो," गंगम्मा म्हणाली. "आसल कुनीतरी येडं."

रुद्रप्पा बोलू लागले. आधी लोक हसले. मग नायिकेचा निरोप त्यांच्या तोंडून आला आणि सगळं थेटर गप झालं. वकिलीणबाईंनी डोळ्यांना पदर लावला. गंगम्मानं हे आजवर कधी ऐकलंच नव्हतं.

सुटल्यावर दारात वकिलीणबाईंनी त्यांना गाठून हात जोडले. "भाग्याची बाई तुमची. आज आणलं नाही तिला?"

'मीच की ती' म्हणायला गंगम्मा पुढं सरली. रुद्रप्पांनी तिच्याकडं न बघताच सांगितलं, "ती घरीच हाय, बाईसाहेब. तिला न्हाय आवडत सिनेमा."