भिंतीचं पाणी

दौलत भोईट्यांच्या घराची भिंत आणखी चार बोटं वाढून शेजारच्या मालनबाईंच्या अंगणात आली होती. थोड्या पाण्यावर जगणाऱ्या आणि जास्त पाण्यावर वाढणाऱ्या विटांची घरं आता गावभर झाली होती.

"मनाई हुकूम मागा," मालनबाई वकिलांना म्हणाल्या.

"बांधकाम थांबव, असं सांगायचं कुणाला?" सबनीस वकील म्हणाले. "भोईटे काही बांधतच नाहीत. पाडायचा हुकूम मिळेल, पण एक भिंत तोडली तर अख्खं घर वाळून कोसळेल. भरपाई घेतलीत, तर भिंत वाढतच राहील."

त्या घरात भोईट्यांची सून बाळंतीण होती. ते घर पाडणं मालनबाईंना नको होतं.

"मग पाण्याचाच हुकूम मागा," त्या म्हणाल्या. "त्यांच्या भिंतींना पाणी देणाऱ्या नळाची चावी माझ्याकडे राहू द्या. घर जगेल एवढं पाणी मी रोज सोडीन."

कोर्टानं ते मान्य केलं.

पहिल्या सकाळी त्या चावी घेऊन गेल्या. दोन वर्षं अबोला धरलेल्या दौलतरावांनी दार उघडलं.

"वहिनी," ते हळूच म्हणाले, "कमी पडू देऊ नका."

मालनबाईंनी चावी फिरवली आणि भिंतीला हात लावून, ओल कुठवर चढते ते बघत त्या तिथंच उभ्या राहिल्या.