राहीबाईंचा हुकूम

“ज्…” राहीबाईंच्या तोंडून हवा आली, शब्द आला नाही.

“जीभ वरच्या दातांच्या मागे, आजी. हं, पुन्हा,” भार्गवी म्हणाली. वाचा गेलेल्यांना बोलायला शिकवणारी ही मिरजेची बाई महिनाभर आठवड्यातून दोनदा जत तालुक्यातल्या या गावात एसटीने येत होती. आजची खेप शेवटची.

दाराच्या आत बॅग घेऊन क्रांती उभी होती. राहीबाईंची विधवा सून. उद्या सकाळी तिला सातारा आगारात कंडक्टर म्हणून हजर व्हायचं होतं. नाहीतर नोकरी गेली. आणि तिचे पाय उंबरा ओलांडत नव्हते.

त्या घराची गोष्टच तशी होती. राहीबाईंनी कुणाकडे बघून थेट हुकूम केला की तो लागायचा. भूतकाळात बोला, भविष्यकाळात बोला, काही होत नसे. ‘बसावं’, ‘बसशील का’ हेही निरुपद्रवी. आज्ञार्थ तेवढा जालीम. आणि एकदा लागला की त्यांनीच तोंडाने उलटा शब्द काढेपर्यंत सुटका नाही. धुळा मेंढक्याला एकदा चहासाठी ‘बस’ म्हणून त्या दळणाला निघून गेल्या आणि तिकडेच गप्पांत रमल्या. तो दिवेलागणीपर्यंत ओट्याला चिकटलेला, आणि मेंढरं दुसऱ्याच्या ज्वारीत. तेव्हापासून धुळा या गल्लीकडे फिरकला नाही. राहीबाईंनीही बोलणं आवरतं घेतलं. सगळ्यांशी त्या ‘च्या घेतला तर बरं हुईल’ असं वळसे घेत बोलायच्या.

एकच हुकूम त्या मनापासून सोडायच्या. मुलगा धैर्यशील सुट्टी संपवून पलटणीत निघाला, की वाकलेल्या त्याच्या डोक्यावर हात ठेवून म्हणायच्या, “जाऊन ये.” आणि तो यायचा. नऊ सुट्ट्या आला. दहाव्या खेपेला निघताना आई तापाने फणफणलेली. तिची झोपमोड नको म्हणून तो तसाच पाया पडून गेला. तो आला नाही.

म्हणून महिन्यापूर्वी नेमणुकीचं पत्र घेऊन क्रांती दारात उभी राहिली, तेव्हा राहीबाईंच्या तोंडून भीतीपोटी सुटलं, “थांब!” क्रांती घरात हिंडा-फिरायला मोकळी राहिली, पण उंबरा तिला बंद झाला.

त्या रात्री दोघी एकमेकींशी बोलल्या नाहीत. सकाळी राहीबाईंची उजवी बाजू लुळी पडली आणि वाचा गेली. हुकूम तेवढा शाबूत राहिला. लिहून चालत नव्हतं, आणि त्यांना लिहिताही येत नव्हतं.

महिनाभर क्रांतीने त्यांना न्हाऊमाखू घातलं, कूस बदलली, पेज भरवली. गावाने तोंड भरून कौतुक केलं. सून असावी तर अशी! ते ऐकून तिच्या अंगाची लाही व्हायची. पेज भरवताना ती सासूच्या तोंडाकडे नाही, जिभेकडे बघायची. राहीबाईंना ते कळत होतं. केल्याचा पस्तावाही झाला होता. दुपारी घर निजलं की त्या एकट्याच भिंतीकडे तोंड करून घोकायच्या, “ज्… ज्…”

शेजारच्या बनुबाईंना क्रांतीने सासूच्या खाण्यापिण्याचं सांगून ठेवलं होतं. या घरात पुन्हा पाऊल टाकायचं नाही, हे मात्र कुणालाच सांगितलं नव्हतं. राहीबाईंना ते न सांगताच उमगलं होतं.

दहाची एसटी फाट्यावर यायला पाव तास राहिला.

“आत्या, आवं येकदा म्हना,” क्रांती काकुळतीला आली. “येवडंसं तर हाय. नुस्तं जा म्हना.”

राहीबाईंनी डाव्या हाताने तिला जवळ बोलावलं. क्रांती बॅग ठेवून आली आणि सवयीने पाया पडायला वाकली. तो हात तिच्या डोक्यावर आला.

“जा,” राहीबाई म्हणाल्या.

स्वच्छ, ठणठणीत. क्रांतीच्या पायांतलं महिनाभराचं ओझं सर्रकन उतरलं. तिला रडूच आलं. पण हात अजून डोक्यावर होता, आणि वाकलेल्या डोक्यावर हात ठेवला की त्या तोंडाला पुढचं म्हणायची कितीक वर्षांची सवय होती.

“जाऊन ये.”

राहीबाईंनी झटकन हात काढून स्वतःच्या तोंडावर दाबला. उशीर झाला होता. त्या मान हलवू लागल्या, ओठ वेडेवाकडे करून काहीतरी उलटं म्हणायला धडपडल्या. जीभ पुन्हा लाकूड झाली होती. डोळ्यांतून पाणी तेवढं वाहत राहिलं.

“वा, आजी! अख्खं वाक्य!” भार्गवीने टाळ्या वाजवल्या. तिला बिचारीला काय ठाऊक.

क्रांतीने बॅग उचलली. उंबरा ओलांडला. मागे न बघता ती बोळातून जवळजवळ पळतच सुटली. पाय चालत होते, हवे तिकडे चालत होते. आपल्याला काही झालेलं नाही, असं ती मनाशी म्हणत राहिली.

फाट्यावर धुळा मेंढरं घेऊन उभा होता. तिला बघून त्याचं तोंड उघडंच राहिलं.

“सुटलीस म्हन की वैनी! कुठं निगालीस?”

या प्रश्नाचं उत्तर तिने महिनाभर घोटून ठेवलं होतं. साताऱ्याला, कायमची. एसटी धूळ उडवत येऊन थांबली. क्रांतीने एक पाय पायरीवर ठेवला आणि तोंड उघडलं.

“साताऱ्याला,” ती म्हणाली, “जाऊन येते रं.”