अधिकारक्षेत्राबाहेरची शाळा

शाळा चालवणाऱ्या संस्थेचे वकील उभे राहिले. त्यांनी गळ्यातली पांढरी पट्टी सारखी केली आणि शांतपणे म्हणाले, "साहेब, मालन गांगुर्डे या बाईंचं अपील या शाळा न्यायाधिकरणापुढे चालूच शकत नाही. हा कायदा मान्यताप्राप्त खाजगी शाळांसाठी आहे. आमच्या शाळेला सरकारची मान्यताच नाही."

मालनबाईंना वाटलं, आपल्याच ऐकण्यात काहीतरी चूक होतेय. पिंपळगाव बसवंतच्या 'मातोश्री सुलाबाई इंग्लिश मीडियम स्कूल'मध्ये त्यांनी नऊ वर्षं गणित शिकवलं होतं. तिथं घंटा होत होती, प्रार्थना होत होती, पंधरा ऑगस्टला झेंडा चढत होता आणि फाटकावर हातभर अक्षरांत 'शासनमान्य' असं रंगवलेलं होतं. मग संस्थेचे सेक्रेटरी खंडेराव बोरस्ते यांची भाची डी.एड. झाली, आणि मालनबाईंच्या शिकवण्यात एकाएकी दोष दिसायला लागले. एका शनिवारी खंडेरावांनी त्यांना ऑफिसात बोलावून चहा पाजला. "बाई, सोमवारपासून नाही आलात तरी चालेल," असं ते इतक्या मायेनं म्हणाले, की बाईंना आधी सुट्टीच मिळाल्यासारखं वाटलं.

चाळिशी उलटलेल्या बाईला दुसरीकडे कोण घेणार? त्या आधी कामगार न्यायालयात गेल्या. तिथंही हेच वकील होते. तिथं त्यांचा आवाज भरून आला होता. "शिक्षक हा काय कामगार आहे, साहेब? तो गुरू आहे! ज्ञानदानाला आपण हमालीच्या रांगेत बसवणार का?" नऊ वर्षांत शाळेत कुणी बाईंसाठी खुर्चीसुद्धा पुढे केली नव्हती. कोर्टात त्या थेट गुरू झाल्या, आणि गुरू झाल्यामुळेच हरल्या. शिक्षकांनी शाळा न्यायाधिकरणात जावं, असा सल्ला तेवढा पदरात पडला. या गौरवानंतर बाईंच्या स्वतःच्या वकिलांनी फोन घेणंच सोडलं. म्हणून आज नाशिकला त्या स्वतःची बाजू स्वतःच मांडत होत्या.

मागच्या बाकांवर पिंपळगावचे पालक बसले होते. खंडेरावांनीच त्यांना टेम्पोत घालून आणलं होतं. समाज संस्थेच्या पाठीशी आहे, हे साहेबांच्या नजरेत भरावं एवढाच हेतू. वाटेत सगळ्यांना मिसळ खाऊ घातली होती. त्यामुळे समाज तसा प्रसन्न होता.

"साहेब, शाळा आहे ती," मालनबाई म्हणाल्या. "मी मुलं शिकवलीत तिथं. अपूर्णांक, व्याज, भूमिती. मुलं शिकलीतसुद्धा."

"मुलं घरी आईकडूनही शिकतात, साहेब," वकील म्हणाले. "म्हणून कोणी घराला शाळा म्हणत नाही."

"आणि फाटकावर 'शासनमान्य' लिहिलंय, त्याचं काय?" न्यायाधीशांनी विचारलं.

"पेंटरचा उत्साह, साहेब."

न्यायाधीशांनी चष्मा काढला आणि खंडेरावांनाच समोर बोलावलं. शपथ घ्यायला लावली. "तुमच्या शाळेला मान्यता आहे का?"

"नाही, साहेब," खंडेराव छाती पुढे काढून म्हणाले. एवढं बोलून त्यांचं भागेना. "कधीच नव्हती!"

मागच्या बाकांवरचे पालक एकमेकांकडे बघायला लागले.

निकाल त्याच दिवशी झाला. मान्यता नाही म्हणजे कायद्याच्या भाषेत ही शाळाच नव्हे. सबब, या न्यायाधिकरणाला अपील ऐकण्याचा अधिकार नाही. मालनबाईंनी हात जोडले. आपली नोकरी गेली हे त्यांना शनिवारच्या चहापासून माहीत होतं. पण आपण नऊ वर्षं कुठं जात होतो, हेच आता त्यांना कळेना.

बाहेर खंडेराव पेढ्यांची व्यवस्था बघत होते. "चला, बसा टेम्पोत! मोठा विजय झाला आपला."

कोणी बसलं नाही. पिंपळगावच्या बाजारात भाजी विकणाऱ्या साळूबाई पुढे आल्या. "तात्या, मान्यता नाय म्हंजी? माझी साक्षी सातवीत हाय. जूनमधी हायस्कूलला जायची. तिचा दाखला चालंल ना?"

खंडेराव मोठ्यानं हसले. "अहो साळूबाई, ते कोर्टातलं बोलणं! तिथं तसं बोलावं लागतं. शाळा एकदम मान्यताप्राप्त आहे."

"मंग मघाशी शपथ घेतली, ती खोटी व्हय?"

खंडेरावांनी वकिलांकडे पाहिलं. वकिलांना नेमकी तेव्हाच दुसऱ्या कोर्टातली तारीख आठवली आणि ते फाईल काखेत मारून चालते झाले. खंडेराव पेढ्यांचा पुडा हातात घेऊन उभे राहिले. हो म्हणावं तर खटला जातो, नाही म्हणावं तर शाळा.

मालनबाई भिंतीच्या कडेनं निघाल्या होत्या. साळूबाईंनी त्यांचा हात धरला. मागोमाग बाकीचे पालकही आले. सकाळी टेम्पोतून उतरताना यांतल्या एकानंही बाईंना ओळख दिली नव्हती.

"बाई, तुम्ही कधी खोटं सांगितलं नाय आमच्या पोरांना," साळूबाई म्हणाल्या. "तुम्ही सांगा. ती शाळा हाय का नाय?"

मालनबाईंना साक्षी आठवली. फळ्याजवळ उभी राहून ओठांतल्या ओठांत पाढे म्हणणारी.

"आहे, साळूबाई. आत कोर्टात मी एकटीच ते म्हणत होते," त्या म्हणाल्या. "आत्ताच हरले."